प्रतिसाद: परतवाड्यातल्या थडग्यांबद्दल

वर एकांनी लिहिलंय की अमरावतीकडच्या परतवाड्यातल्या जुन्या गोऱ्यांच्या कबरस्तानात, इंग्रजांनी नागपूरकर भोसल्यांचा गाविलगड किल्ला घेतला त्या लढाईत पडलेलेच सैनिक आहेत. हे पटत नाही. गाविलगड पडला १५ डिसेंबर १८०३ ला, आणि परतवाड्याची छावणी त्यानंतरची. निजामाच्या पदरी इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखालची जी फौज होती, पुढे हैदराबाद कंटिन्जंट म्हणून ओळखली गेलेली, तिची ती छावणी. छावणीतल्या कबरस्तानात लढाईपेक्षा ताप, पटकी अशा आजारांनी गेलेली माणसंच जास्त असतात. बायका आणि लहान मुलंही.

मग १८०३ चे मेलेले कुठे गेले? गाविलगडाच्या आधी त्याच युद्धात झालेली अडगावची लढाई २९ नोव्हेंबरची. दिवस कलता कलता सुरू झाली. भोसल्यांच्या तोफा सुरू होताच इंग्रज सेनापती वेलस्लीच्या तीन पलटणी पळाल्या होत्या, त्यानं स्वतः त्यांना परत उभं केलं. शेवटी मराठ्यांच्या ३८ तोफा गेल्या. दुसऱ्याच दिवसापासून फौजेला गाविलगडाची घाई. अशा घाईत दगडी थडगी कोण बांधणार? आणि वेलस्लीच्या बाजूचे बहुतेक शिपाई मद्रासकडचे देशी लोक होते, त्यांची नावं कुठल्याच दगडावर नाहीत. भोसल्यांकडच्यांची तर नाहीतच, किल्लेदार बेनीसिंग सोडला तर त्या गडावर मेलेल्या किती जणांची नावं आपण सांगू शकतो? मला याचंच फार वाईट वाटतं.

तिकडे राहणाऱ्या कुणी थडग्यांवरच्या तारखांचे फोटो इथे टाकावेत. तारखा दिसल्या की वाद तिथेच मिटेल.