रॅप्सडी इन ब्लू: नेमकं कोणतं ऐकू?

केतकी_सा: शास्त्रीय गाणं शिकतेय, जॅझ फारसा ऐकलेला नाही. जॉर्ज गर्श्विनची ही रचना ऐकली आणि सुरुवातीच्या क्लॅरिनेटने अंगावर काटा आला. पण एका ध्वनिमुद्रणात भलामोठा वाद्यवृंद, दुसऱ्यात छोटा बँड. मूळ कुठलं? आणि क्लॅरिनेटची ती मींड, म्हणजे सूर न तोडता वर ओढत नेणं, त्यानेच लिहिली होती का?

रात्रपाळी: अमेरिकन संगीतसंचालक लेनर्ड बर्नस्टाइनचं १९५९चं ध्वनिमुद्रण ऐका. पियानोही त्याचाच.

काळी_पाच: बर्नस्टाइन मलाही आवडतो, पण सुरुवात तिथून करू नका. मूळ रचना छोट्या बँडचीच. १२ फेब्रुवारी १९२४, न्यूयॉर्कचा एओलियन हॉल, पॉल व्हाइटमनचा नाचाच्या संगीतासाठी गाजलेला बँड आणि पियानोवर स्वतः गर्श्विन. वाद्यमेळ व्हाइटमनचा संयोजक फर्डी ग्रोफेने बांधला, तोही याच बँडचे वादक डोळ्यांसमोर ठेवून. मोठ्या वाद्यवृंदाची सर्रास वाजते ती आवृत्ती १९४२ची. तोवर गर्श्विन जाऊन पाच वर्षं झाली होती.

आता मींड. मी क्लॅरिनेट वाजवतो, त्यामुळे यावर थोडं सविस्तर. कागदावर होती खालच्या सुरावरची ट्रिल (दोन शेजारचे सूर झरझर आलटून पालटून) आणि तिथून वर चढणारे सुटे सूर. तालमीत बँडचा क्लॅरिनेटवादक रॉस गोर्मनने गंमत म्हणून ते ओढून घेतले. गर्श्विन खूश! म्हणाला, कार्यक्रमात असंच वाजव. हे वाजवायला महाकठीण. साधारण अर्ध्या वाटेपर्यंत बोटं सूर काढतात, पुढे ती भोकांवरून हळूहळू सरकवायची, ओठ सैल ठेवायचे आणि घशाने सूर वर न्यायचा. जरा घाई झाली की मधेच पायरी ऐकू येते.

केतकी_सा: म्हणजे पियानोही आयत्या वेळी सुचेल तसा?

काळी_पाच: बराचसा. काही एकल जागा त्याने लिहून ठेवल्याच नव्हत्या. बँड चालवणाऱ्या व्हाइटमनच्या स्वरलिपीच्या प्रतीत तिथे सूचना होती, गर्श्विन मान हलवेपर्यंत थांब. तुम्ही गाता, तर हे तुम्हाला माझ्याहून लवकर उमगेल. म्हणून मला ही रचना मोठी वाटते: जॅझच्या चार चाली उचलून सिंफनीत बसवलेल्या नाहीत, वाजवणाऱ्याची मोकळीक सोबत आली आहे. मोठ्या वाद्यवृंदात व्हायोलिनांचा थर चढतो आणि ती मोकळीकच आधी झाकली जाते.

संगीतसंचालक मायकेल टिल्सन थॉमसचं १९७६चं ध्वनिमुद्रण शोधा. साथीला जॅझ बँड, आणि पियानो गर्श्विनच्याच १९२५च्या पियानो-रोलचा, म्हणजे त्याचं वादन भोकांच्या रूपात टिपलेल्या कागदी गुंडाळीचा. लय इतकी चढी आहे की पहिल्यांदा ऐकताना दम लागतो. हेडफोन लावूनच ऐका.