मदत हवी आहे: 'मित्र' तारा जोडीने पाहायचाय

नरतुरंग तारकासमूहातला मित्र, म्हणजे आल्फा सेंटॉरी, नुसत्या डोळ्यांना एकच तारा दिसतो. प्रत्यक्षात ते दोन आहेत, एक जवळजवळ आपल्या सूर्यासारखा, दुसरा थोडा लहान आणि केशरी. आपल्यापासून अंतर फक्त ४.३७ प्रकाशवर्षं, आणि एकमेकांभोवती फेरी साधारण ८० वर्षांची. ही जोडी १६८९ मध्ये फादर रिशो यांनी पाँडिचेरीहून धूमकेतू पाहताना ओळखली होती. म्हणजे भारतातूनच! मग मला का जमू नये?

माझ्याकडे ६० मिमी व्यासाच्या भिंगाची दुर्बीण आहे. पुण्याहून हा तारा क्षितिजावर जेमतेम १०-११ अंश चढतो. मेच्या मध्यावर रात्री अकराच्या सुमारास पाहिला, पण सगळं उकळत्या पाण्यासारखं हलत होतं, वर लाल-निळी किनार. दोन ठिपके काही सुटले नाहीत.

सिंधुदुर्गात तो आणखी दोन-अडीच अंश वर मिळेल, तर तेवढ्याने फरक पडतो का? समुद्रावरून पाहावं की डोंगरावरून? आणि किती पट मोठं करून पाहावं? ज्यांनी आपल्याकडून ही जोडी सुटी पाहिली आहे त्यांनी प्लीज सांगा. पाऊस यायच्या आत एक खेप करायची आहे.