मिठाच्या पाण्यातली कोंबडी रात्रभर ओट्यावर राहिली, चालेल का?

प्रश्न:
काल रात्री दीड किलोची अख्खी कोंबडी मिठाच्या पाण्यात बुडवली. पातेलं फ्रिजमध्ये मावेना, म्हणून झाकून ओट्यावरच ठेवलं. मिठात मांस टिकतं असं ऐकलं होतं. वास अजिबात येत नाहीये. संध्याकाळी आईबाबा जेवायला येताहेत. ओव्हनमध्ये कडक भाजली तर चालेल ना?

प्रतिसाद:
नाही ताई, टाकून द्या. जिवावर येईल, पण टाकाच. माझ्या हातून हेच झालं होतं आणि घरातले चौघे दोन दिवस आडवे झाले. वासावर अजिबात जाऊ नका. मांस टिकवायला याहून कितीतरी जास्त मीठ लागतं, आणि काही जंतूंना तर एवढं मीठ सहज सोसतं. ते वाढताना जे विष सोडतात, ते भाजूनही जात नाही.

आता मी लिटरभर पाण्याला ५०-६० ग्रॅम मीठ घेते, वजन करूनच; चमच्याचा भरवसा नाही, बारीक आणि जाड मिठात फार फरक पडतो. थोड्या गरम पाण्यात मीठ विरघळवायचं, बाकी बर्फाचं पाणी. पूर्ण गार झाल्याशिवाय मांस घालायचं नाही. भांडं स्टीलचं किंवा काचेचं, ॲल्युमिनियमचं नको. फ्रिज ४ अंशांच्या वर नको. अख्ख्या कोंबडीला ८ ते १२ तास, तुकड्यांना दोन तास पुरतात. ते पाणी पुन्हा वापरू नका.

दुसरा प्रतिसाद:
जागेची अडचण असेल तर पाणीच नको. किलोला १५ ग्रॅम मीठ सगळीकडून चोळा आणि ताटलीत, फ्रिजच्या सर्वांत खालच्या कप्प्यात ठेवा. कातडीही छान कुरकुरीत होते.

प्रश्नकर्ती:
टाकली. वाईट वाटलं, पण आईबाबांच्या पोटाशी खेळ नको. आता तुकडे आणून दोन तास मिठाच्या पाण्यात, फ्रिजमध्येच ठेवते. शिजले हे कसं ओळखू? रस पांढरा दिसला की झालं का?

प्रतिसाद:
रंगावर विसंबू नका, हाडाजवळ शिजलेलं मांसही गुलाबी दिसतं. थर्मामीटर सर्वांत जाड भागात खुपसा, हाडाला टेकू देऊ नका. ७४ अंश हवेत. तुकडे नळाखाली धुऊ नका, शिंतोडे ओटाभर उडतात. कागदी रुमालाने कोरडे टिपून ओव्हन २०० अंशांवर. ३५ मिनिटांनी पहिल्यांदा तपासा. छातीचे तुकडे आधी होतात, ते काढून घ्या आणि तंगड्या राहू द्या. ट्रेमधला रस रश्शात घालणार असाल तर आधी चाखा, त्यात मीठ उतरलेलं असतं.