रिमोट डेस्कटॉपचा छोटासा अपडेट अन् तुमचा अनुभव

परवा रात्री मनीषनगरला घरी बसून हिंगण्याच्या कारखान्यातल्या कम्प्युटरवर रिमोटचा, म्हणजे दुरून तो कम्प्युटर चालवायच्या सॉफ्टवेअरचा, मेंटेनन्स अपडेट टाकून राहिलो होतो. नवीन काहीच नव्हतं त्यात, जुने बग काढलेले, व्हर्जनचा शेवटचा आकडा तेवढा बदललेला. पण इन्स्टॉलर आधी चालू सर्व्हिस (मागे सतत चालणारा रिमोटचा प्रोग्राम) बंद करतो अन् मी तर त्याच सर्व्हिसवरून आत होतो, स्क्रीन गेली ती गेलीच, पलीकडे 'नेक्स्ट' दाबायला कोणी नाही. साडेअकराला गाडी काढली. तुमच्याकडे काय काय झालं ते लिहा, बारीकसारीकही चालेल.

धरमपेठ, सीए ऑफिस
दादा, आमच्याकडे 18 ते 20 तारखेत अपडेटला हातच लावत नाही, जीएसटीचं 3बी रिटर्न भरायचं असतं. मे 2018 मधलं सांगते. घरच्या लॅपटॉपनं विंडोजचा अपडेट घेतला, ऑफिसच्या सर्व्हरवर आम्ही घेतलाच नव्हता, झालं, क्रेडएसएसपीचा (रिमोटनं आत जाताना ओळख तपासते त्याचा) एरर. पासवर्ड बरोबर, नेट बरोबर, तरी आत घेईना. तो सुरक्षेसाठीचा बदल होता, नवी झालेली बाजू जुनीशी बोलायलाच तयार नाही. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या आतल्या सेटिंगमध्ये, एक आकडा बदलला का चालू होते असं सगळे सांगून राहिले होते, पण आमच्या कम्प्युटरवाल्या दादांनी ते करू दिलं नाही, सर्व्हरच अपडेट केला. अख्खा दिवस गेला, मी चिडले पण होते त्यांच्यावर. आज वाटते त्यांचंच बरोबर होतं.

इतवारी, डीटीपी
माझा त्रास वेगळा. लग्नपत्रिकेचा मजकूर घरून कॉपी करून दुकानातल्या कम्प्युटरवर पेस्ट केला का नुसती प्रश्नचिन्हं!! किती महिने मी पेनड्राइव्ह घेऊन ये-जा केली. मग कळलं का व्हीएनसीचं (माझं रिमोट तेच) जुनं कॉपी-पेस्ट लॅटिन अक्षरांपुरतंच होतं, मराठीही चालणारं युनिकोड नंतर आलं अन् ते दोन्हीकडचं सॉफ्टवेअर नवीन असेल तरच चालते. दुकानातलं जुनं होतं. ते अपडेट केलं अन् 'श्री गणेशाय नमः' काना-मात्रेसकट जसंच्या तसं उतरलं, काय आनंद झाला सांगू.

मिहान
भाऊ, दोन वेगवेगळे रिमोट ठेवा. एकातून शिरून दुसरा अपडेट करा. बस.

काटोलची मुलगी, सध्या पुण्यात
बाबांचा कम्प्युटर मीच सांभाळते, संत्र्याच्या बागेचा सगळा हिशोब त्यात आहे. अपडेटच्या वेळी विंडोज परवानगी विचारते ना, ती खिडकी मला दिसतच नाही, कारण आमचं रिमोट सर्व्हिस म्हणून टाकलेलं नाही, माझ्याकडे फक्त काळं. मग बाबा फोनवर एकेक अक्षर वाचून दाखवतात, मी म्हणते 'हो' दाबा. पण त्यांना बजावून ठेवलंय, मी स्वतः फोन केल्याशिवाय कोणी कितीही गोड बोललं तरी 'हो' दाबायचं नाही, नंबर सांगायचा नाही. बँकेतून बोलतो म्हणून रिमोट टाकायला लावणारे फार आहेत हो.

बुटीबोरी
त्रास होतो म्हणून अपडेट टाळू नका, हात जोडून सांगतो. आमच्या वजनकाट्याच्या कम्प्युटरवर जुनं विंडोज एक्सपी होतं अन् 3389 पोर्ट, म्हणजे विंडोजच्या रिमोटचं दार, सरळ इंटरनेटवर उघडं. एक्सपीचा सपोर्ट 2014 लाच संपला होता, तरी मे 2019 मध्ये ब्लूकीप नावाची रिमोटमधली फट निघाल्यावर मायक्रोसॉफ्टनं एक्सपीसाठीही पॅच, म्हणजे दुरुस्ती, काढला, म्हणजे पासवर्ड नसतानाही आत शिरता येईल इतकी ती फट मोठी होती. पॅच टाकला, पोर्ट बंद केलं, आता आधी व्हीपीएन (आपल्यापुरता बंद रस्ता), मग रिमोट.

धागाकर्ता
मिहानवाल्या भाऊंचं ऐकून आज दुसरा रिमोट टाकला. अन् पुढचा अपडेट शनिवारी दुपारी, शिफ्ट चालू असताना, सुपरवायझरला त्या कम्प्युटरसमोर बसवून.