केबल कापलेल्यांना फायनल फोर फुकट दिसायला हवं की नको?

त्रिकोणवासी (धागाकर्ता)

शनिवारी मित्राकडे जेवायला गेलो होतो, तिथे या विषयावरून जवळजवळ भांडण झालं. (फायनल फोर म्हणजे अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलच्या मार्चमधल्या बाद स्पर्धेचे शेवटचे चार संघ: दोन सेमीफायनल आणि एक फायनल.) म्हणून इथे मांडतोय.

आम्ही रालीत राहतो, नॉर्थ कॅरोलायनात. ड्यूक, चॅपल हिल (नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठ) आणि एनसी स्टेट ही तिन्ही विद्यापीठं हाकेच्या अंतरावर. मार्चमध्ये ऑफिसात ज्याने ब्रॅकेट (कोणता सामना कोण जिंकणार याचा अंदाज-तक्ता) भरला नाही त्याच्याकडे लोक "बरं नाही का?" अशा नजरेने बघतात. आल्यावर पहिली दोन वर्षं मलाही काही कळायचं नाही. आता मुलगा नऊ वर्षांचा आहे आणि घरात दुसरा विषय नसतो.

केबल आम्ही २०२१ मध्ये कापली. बिलात "ब्रॉडकास्ट टीव्ही फी" नावाची एक ओळ असायची. म्हणजे जी चॅनेल हवेतून फुकट येतात, तीच तारेतून दिल्याबद्दल वेगळे पैसे. फोनवर पाऊण तास हुज्जत घातली, शेवटी बॉक्स परत केला आणि पोटमाळ्यावर अँटेना बसवला. सीबीएस, एबीसी, एनबीसी, फॉक्स, सगळं स्वच्छ दिसतं. एकदाचा खर्च, पुढे शून्य.

मग आलं २०२४. एनसी स्टेट ११ नंबरचं सीड (मानांकन), कुणाच्या खिजगणतीत नाही. ३१ मार्चला, ईस्टरच्या रविवारी, त्यांनी ड्यूकला ७६-६४ असं लोळवलं आणि १९८३ नंतर पहिल्यांदा फायनल फोर गाठलं. तो सामना सीबीएसवर होता. सोफ्यावर बसून, भजी खात, फुकट बघितला. पुढच्या शनिवारी पर्ड्यूशी सेमीफायनल होती टीबीएसवर. टीबीएस अँटेनावर येत नाही. गावातलं सरकारी विद्यापीठ ४१ वर्षांनी तिथे पोचलं आणि ज्या राज्याच्या करावर ते चालतं त्या राज्यातला माणूस मुलाला घेऊन बारच्या दारात रांगेत उभा. आत शिरलो तेव्हा पहिला हाफ संपत आला होता.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: पुरुषांच्या स्पर्धेत ६८ संघ, ६७ सामने, चार चॅनेल. सीबीएस हवेतून येतं. टीबीएस, टीएनटी आणि ट्रूटीव्ही फक्त केबलवर किंवा पैसे भरून ॲपवर. २०१० मध्ये सीबीएस आणि टर्नरने (बाकीची तीन चॅनेल त्यांची) मिळून १४ वर्षांसाठी १०.८ अब्ज डॉलरला हक्क घेतले, २०१६ मध्ये आणखी ८.८ अब्ज देऊन करार २०३२ पर्यंत वाढवला. २०१६ पासून सम वर्षी फायनल फोर टर्नरकडे, विषम वर्षी सीबीएसकडे. म्हणजे यंदा, २०२६ ला, पुन्हा अँटेनावाल्यांचा उपास.

माझं म्हणणं एवढंच आहे. पहिल्या फेऱ्या विका, कुणालाही विका. पण शेवटच्या वीकेंडचे तीन सामने हवेतून दिसलेच पाहिजेत. ही स्पर्धा भरवणारी एनसीएए ही ना-नफा संस्था आहे आणि तिची कित्येक सदस्य विद्यापीठं सरकारी. आपल्याकडे भारतात २००७ पासून कायदाच आहे, महत्त्वाचा सामना दूरदर्शनला द्यावा लागतो. अमेरिकेला हे जमू नये?

वाफेचं_इंजिन

पर्ड्यूचा माजी विद्यार्थी, त्यामुळे पक्षपात आधीच कबूल. तो सामना आम्ही ६३-५० ने जिंकलो. तुम्ही अर्धाच बघितलात, उलट उपकार झाले. 😀

आता मुद्दा. यूट्यूब टीव्ही महिन्याला साधारण ८३ डॉलर. चारही चॅनेल त्यात. पूर्ण स्पर्धा तीन आठवड्यांत संपते. घ्या, बघा, रद्द करा. ६७ सामन्यांना भागलं तर सामन्यामागे सव्वा डॉलरच्या आत. तुमच्या त्या बारमध्ये एका कोकला किती दिलेत? शिवाय गुरुवार-शुक्रवारी, दिवसाला सोळा सामने असतात तेव्हा, एका पडद्यावर चार सामने एकदम दिसतात. २०२३ च्या मार्चमध्ये त्यांनी ही सोय काढली ती याच स्पर्धेसाठी. अँटेनावर हे सुख आहे का?

आणि पैसा जातो कुठे, तेही बघा. एनसीएएची बहुतांश कमाई या एका स्पर्धेच्या टीव्ही हक्कांतून येते. कुस्ती, पोहणं, ट्रॅक, ज्यांना कुणी बघत नाही, त्यांच्या राष्ट्रीय स्पर्धा यावर चालतात. फायनल फुकट करा म्हणजे बोली खाली येणार. मग कुणाचा घास काढायचा, तेही सांगा.

त्रिकोणवासी

इंजिनराव, हीच सेवा २०१७ मध्ये ३५ डॉलरला सुरू झाली होती. केबल नको म्हणून तिच्याकडे गेलो आणि तीच केबल झाली. फक्त बॉक्स गेला.

कुस्तीचं म्हणाल तर सीबीएसही जाहिराती विकूनच पैसे देतं. फुकट दिसणं म्हणजे फुकट देणं नव्हे.

गच्चीवरचा_अँटेना

तात्त्विक भांडण चालू द्या, मी जरा कामाचं सांगतो. दर वर्षी लोक चुकीचं पॅकेज घेतात आणि मग इथे येऊन रडतात.

स्लिंग आणि फ्युबो या यूट्यूब टीव्हीसारख्याच ॲप-सेवा. स्लिंगमध्ये टीबीएस-टीएनटी आहेत पण सीबीएस नाही. फ्युबोमध्ये सीबीएस आहे, पण टर्नरची चॅनेल २०२० मध्येच गेली. म्हणजे एकात डोकं, एकात धड. ज्याच्याकडे अँटेना आहे त्याने सीबीएसवर एक पैसा घालवू नये. महिनाभर स्लिंग (ट्रूटीव्ही असलेला प्लॅन) किंवा एचबीओ मॅक्स जोडलं की चारही चॅनेल झाली. मॅक्स घेताना कुठल्या प्लॅनमध्ये खेळ येतो ते आधी वाचा, सगळ्यांत स्वस्त बघून उडी मारू नका. सीबीएसच्या पॅरामाउंट प्लस ॲपचंही तेच, स्वस्त प्लॅनमध्ये तुमचं स्थानिक सीबीएस चोवीस तास लाइव्ह नसतं.

अँटेना घेताना तुमच्या गावचं सीबीएस व्हीएचएफवर आहे की यूएचएफवर (लहरींचे दोन पट्टे) ते आधी बघा. खिडकीला चिकटवायचे ते पातळ कागदी अँटेना व्हीएचएफ नीट पकडत नाहीत. माझे पहिले दोन त्यातच गेले.

आणि एक गोष्ट कुणी बोलत नाही: उशीर. ॲपवरचं चित्र अँटेनाच्या मागे असतं, कधी वीस सेकंद, कधी चाळीस. २०१६ चा अंतिम सामना आठवतो? नॉर्थ कॅरोलायनाच्या मार्कस पेजने हवेत लटकत थ्री मारून ७४-७४ केलं, ४.७ सेकंद बाकी. मग व्हिलानोव्हाच्या क्रिस जेन्किन्सने बझरवर थ्री टाकून ७७-७४. असा शेवट ॲपवर बघायचा असेल तर आधी फोन दुसऱ्या खोलीत ठेवा. आमच्या ग्रुपवर एक महाशय केबलवाले आहेत, ते बोटं आवरत नाहीत.

(तोच सामना केबलवर गेलेला पहिला अंतिम सामना. म्हणजे धागाकर्त्याचं दुखणं तिथूनच सुरू होतं.)

मधली_सुट्टी

सगळा धागा वाचला. "कॉलेज बास्केटबॉल" म्हणजे फक्त मुलांचं, हे इथे सगळ्यांनी न बोलता मान्य केलेलं दिसतंय.

त्रिकोणवासी, २०२४ मध्ये एनसी स्टेटच्या मुलीही फायनल फोरला होत्या. त्याच आठवड्यात. शुक्रवारी क्लीव्हलँडला साउथ कॅरोलायनाकडून हरल्या. तुम्ही शनिवारच्या रांगेचं दुःख सांगितलंत, शुक्रवारचं नाव नाही. तो सामना ईएसपीएनवर होता, म्हणजे अँटेनावर तोही नव्हता. मग रांग लावली होतीत का?

पण तुमच्या बाजूचा सगळ्यांत मोठा पुरावा मुलींच्याच स्पर्धेत आहे. त्या वर्षी मुलींचा अंतिम सामना एबीसीवर, हवेतून, फुकट होता. पावणेदोन कोटींच्या वर, जवळपास १.९ कोटी लोकांनी बघितला. दुसऱ्या दिवशी मुलांचा टीबीएसवर: १.४८ कोटी. मुलींनी मुलांना मागे टाकलं ते पहिल्यांदाच. दार उघडं ठेवलं की माणसं आत येतात.

वाफेचं_इंजिन

ताई, आकडे बरोबर, कारण अपुरं. समोर आयोवाची स्टार खेळाडू केटलिन क्लार्क होती. पुढच्या वर्षी मुलींचा अंतिम सामना त्याच एबीसीवर होता, तितकाच फुकट, आणि प्रेक्षक ८५ लाखांच्या आसपास. दार तेच होतं, आत बघण्यासारखं वेगळं होतं.

मधली_सुट्टी

अर्धंच सांगितलंत. त्याच २०२५ मध्ये मुलांचा अंतिम सामना सीबीएसवर आला, फ्लोरिडा-ह्यूस्टन, ६५-६३. प्रेक्षक १.८१ कोटी. आदल्या वर्षी टीबीएसवर १.४८. इथे कुठली क्लार्क होती?

वाफेचं_इंजिन

दोन गुणांनी सुटलेला सामना होता. आदल्या वर्षी कनेक्टिकटने आम्हाला पंधरा गुणांनी हरवलं, उत्तरार्धात लोक झोपले असतील. मी तर टीव्हीच बंद केला होता. पण ठीक आहे, थोडा फरक चॅनेलचा असेल. थोडा.

भाचा_एमएस

एवढी चर्चा कशाला? गुगलवर सामन्याचं नाव टाका, दहा लिंका येतात. सेमिस्टरची फी भरून माझ्याकडे ८३ डॉलर उरत नाहीत. आणि ज्या संस्थेने खेळाडूंना इतकी वर्षं एक छदाम दिला नाही तिचे हक्क मी का जपू?

गच्चीवरचा_अँटेना

त्या दहा लिंकांपैकी नऊ तुमच्या लॅपटॉपला काय चिकटवतील ते थिसिस सबमिट करायच्या आदल्या रात्री कळेल. कॅम्पसच्या नेटवर्कवरून तर मुळीच नको. कॉपीराइटची नोटीस विद्यापीठाकडे जाते आणि विद्यापीठ तुम्हाला बोलावतं. व्हिसावर असताना असली पत्रं फायलीत नकोत. त्यापेक्षा हॉस्टेलच्या फीमध्ये टीव्हीचं लॉगिन मिळतं का ते विचारा. पुष्कळ ठिकाणी मिळतं आणि कुणाला माहीतच नसतं.

मधली_सुट्टी

भाचे, खेळाडूंचं कारण आता जुनं झालं. जुलै २०२१ पासून ते स्वतःच्या नावावर कमावू शकतात, आणि २०२५ च्या कोर्टातल्या तडजोडीनंतर विद्यापीठं त्यांना थेट वाटा देतात, एका विद्यापीठाला वर्षाला साधारण २.०५ कोटी डॉलरची मर्यादा. मुलींच्या स्पर्धेत जिंकल्याबद्दल कॉन्फरन्सला (विद्यापीठांच्या गटाला) पैसे मिळायला लागले तेही २०२५ पासूनच. मुलांना ते कित्येक वर्षं मिळत होते. चोरून बघायचंच असेल तर बघा, पण खेळाडूंच्या नावाने नको.

भाचा_एमएस

मावशी, लॉगिनचं विचारतो. 🙏

जुना_ब्रॅकेट

तरुणांना सांगायला हवं की हे एकदा फुकट होतं. २००६ मध्ये सीबीएसने सामने इंटरनेटवर एक पैसा न घेता दाखवले. मी तेव्हा न्यू जर्सीत कंत्राटी प्रोग्रॅमर. त्या खिडकीत एक "बॉस बटण" होतं, साहेब आला की दाबायचं, सामना जाऊन खोटं स्प्रेडशीट यायचं. आमच्या साहेबाने एकदा त्यातल्या आकड्यांवर मला प्रश्न विचारला होता.

पुढे टर्नर आलं आणि ॲप विचारायला लागलं, तुमची केबल कंपनी कोणती? ती नव्हती म्हणूनच तर ॲपवर आलो होतो.

सकाळी_सहा_पन्नास

पुण्यातून लिहितोय. भाऊ चॅपल हिलला होता म्हणून हा नाद लागला. आम्हाला पहिल्या गुरुवारचा पहिला सामना रात्री साडेनऊच्या पुढे, आणि अंतिम सामना मंगळवारी सकाळी सातच्या आत सुरू. मुलांच्या डब्याची वेळ. तरी बघतो.

पण धागाकर्त्यांनी भारतातल्या कायद्याचं जे उदाहरण दिलंय ते सैल आहे. २००७ चा कायदा "राष्ट्रीय महत्त्वाच्या" सामन्यांपुरता. सरकार यादी काढतं, त्यांचं प्रक्षेपण प्रसार भारतीला द्यावं लागतं. त्यात आयपीएल नाही. आणि २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की हे चित्र दूरदर्शनने स्वतःच्या टॉवरवरून आणि फ्री डिशवरच दाखवायचं, केबलवाल्यांना पुढे द्यायचं नाही. म्हणजे ज्याच्याकडे जुना अँटेना किंवा फ्री डिश त्याला फुकट. घरात केबल असणाऱ्याला पैसे भरूनच बघावं लागतं. गंमत म्हणजे तुमच्या अगदी उलट.

शिवाय तो कायदा मुख्यतः देशाच्या संघासाठी. एनसी स्टेट हा देश नाही.

त्रिकोणवासी

कायद्याचा मुद्दा मान्य, मी फार सोपा करून सांगितला. देशाचं म्हणाल तर माझ्या मुलाला एकदा विचारून बघा.

मधली_सुट्टी, तुमचा प्रश्न लागला. शुक्रवारी रांग लावली नव्हती. शुक्रवारी सामना आहे हेच मला शनिवारी बारमधल्या पोस्टरवरून कळलं.

मूळ मागणी मात्र सोडत नाही. कायदा नको, पण २०३२ ला करार संपेल तेव्हा एनसीएएने स्वतःच अट घालावी: शेवटचे तीन सामने, मुलांचे आणि मुलींचेही, हवेतून. ज्याला हक्क हवेत तो हे मान्य करूनच बोली लावेल.

वाफेचं_इंजिन

सहा वर्षांनी हवेतून बास्केटबॉल बघणारे तुम्ही आणि गच्चीवरचे काका असे दोघंच उरलेले असाल. तोवर सगळं ॲपवर. तेव्हा हट्ट सोडा आणि १७ मार्चला, डेटनमध्ये फर्स्ट फोर (पहिल्या फेरीआधीचे सामने) सुरू होतं त्या दिवशी, महिना सुरू करा. अंतिम सामना ६ एप्रिलला. दहा दिवस हातात राहतात. रद्द करायला दोन मिनिटं लागतात.

त्रिकोणवासी

हे वाचून बायकोला म्हटलं, चला, यंदा एक महिना घेऊ. तिने कार्डाचं बिल समोर ठेवलं. गेल्या मार्चमध्ये पहिल्या फेरीसाठी "फक्त एक महिना" म्हणून एक ॲप घेतलं होतं, ते अजून चालू आहे.

वाफेचं_इंजिन

किती महिने?

त्रिकोणवासी

बारा. म्हणजे इंजिनराव, यंदाचे पैसे भरून झालेत.