भानामतीच्या शूटवर दाराची कडी ऐकू आली. ट्रॅक देऊ का दाबू?

बूमवाला
बारा वर्षं साऊंड करतोय. सध्या गूढ घटनांवरच्या एका माहितीपट मालिकेवर आहे. गेल्या आठवड्यात मराठवाड्यातल्या एका खेड्यात होतो. एका घरावर दीड महिना रात्री दगड पडतायत, दोनदा दोरीवरचे कपडे पेटले. गाव म्हणतं भानामती. भगत येऊन गेला आणि त्याने धाकट्या सुनेचं नाव घेतलं.

पहिल्या रात्री निवेदकाच्या हातातल्या के-टू मीटरचे (विद्युतचुंबकीय क्षेत्र मोजणारं यंत्र, भूत शोधणारे वापरतात) दिवे लाल झाले. सगळे चिडीचूप. मी बघत होतो. मागे उभ्या असिस्टंटने वॉकीटॉकीचं बटण दाबलं की दिवे लागायचे, सोडलं की जायचे. तरी तो टेक प्रोमोत गेला.

दुसऱ्या रात्री एक रेकॉर्डर पडवीत ठेवला, एक मागे न्हाणीपाशी. सात दगड पडले. नंतर हेडफोन लावून ऐकलं. सातही वेळा पत्रा वाजायच्या आधी मागल्या दाराची कडी सरकते. हळू, बोटाने धरून सरकवावी तशी. मग अनवाणी पावलं, आणि एक बारीक खोकला. तो खोकला मी दिवसा ऐकलाय. घरातलंच माणूस आहे, आणि ती सून नाही.

दिग्दर्शक म्हणाले, हे दाखवलं तर एपिसोडच उरत नाही. तिकडे सुनेला माहेरी धाडायचं चाललंय. काय करू?

चळवळीतली ताई
दादा, कोण ते इथे लिहिलं नाहीत, फार बरं केलंत. गावातही बोलू नका. आम्ही घरातल्या प्रत्येकाशी एकेकट्याने बोलतो आणि नाव चारचौघांत कधीच घेत नाही. दगड मारणाऱ्याचं बहुतेकदा काहीतरी दुखत असतं: सुटलेली शाळा, लग्नाची घाई, मारहाण. ते ऐकून घेतलं की दगड थांबतात.
कपड्यांचं म्हणाल तर पोटॅशियम परमँगनेटवर ग्लिसरीन पडलं की काडीशिवाय जाळ होतो, आमचे कार्यकर्ते शाळाशाळांत करून दाखवतात. पण घरात साधी काडीपेटीही पुरते.
भगताने सुनेवर ठपका ठेवला, हा २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. सहा महिने ते सात वर्षं कैद. आधी सुनेचं बघा. अंनिसच्या (अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या) जवळच्या शाखेला आजच फोन करा.

एडिट टेबल
एपिसोड उरत नाही हे मला पटत नाही. इंग्लंडात एका प्रयोगशाळेत लोकांना भूत जाणवायचं. व्हिक टँडी या इंजिनिअरने शोधलं तर पंख्यामुळे एकोणीस हर्ट्झच्या आसपासची, कानाला ऐकू न येणारी कंपनं होत होती, आणि त्यांच्या मते भास त्यामुळेच व्हायचे. १९९८ साली त्यांनी ते छापलं, आणि लोक अजून ती गोष्ट सांगतात. तुमच्याकडे वॉकीटॉकी आणि मीटर आहे, तेवढंच कॅमेऱ्यासमोर करून दाखवा. खोकला मात्र कुणाच्या हाती देऊ नका.

बूमवाला
ताई, फोन केला. शाखेतल्या दोघी परवा जाऊन आल्या. सून घरीच आहे. दिग्दर्शकांना वॉकीटॉकीचा शॉट पाठवलाय, उत्तर आलेलं नाही. न्हाणीकडचा ट्रॅक मी जमा केला नाही.