प्राण्यांची पुस्तकं बाद झाली? कोणी ठरवलं?

घाटमाथा
परवा एका निसर्गगटावर वाचलं: "फोटो काढला की फोन नाव सांगतो. सह्याद्रीतल्या प्राण्यांची ओळखपुस्तकं छापणं म्हणजे कागद वाया घालवणं." खाली अंगठ्यांची रांग.

हे लिहिणाऱ्याच्या डोळ्यांपुढे फक्त पक्षी आहेत. पक्षी दिवसा फांदीवर बसतो, फोटो देतो. सस्तन प्राणी दिसतात कुठे? भीमाशंकरचा शेकरू आणि गावातली वानरं सोडली तर आपल्याला भेटतात ठसे, विष्ठा, उकरलेली माती, साळिंदराचा गळलेला काटा. नदीकाठच्या खडकावर माशांचे खवले आणि खेकड्याच्या कवचाचे तुकडे असलेली विष्ठा दिसली तर पाणमांजराचा विचार करायचा. ठशात नख्या उमटल्या असतील तर कुत्रा, कोल्हा, लांडगा, तरस. नसतील तर बहुधा मांजरकुळातलं कोणी, कारण ती चालताना नख्या आत ओढून घेतात. तरसाचा पुढचा पंजा मागच्यापेक्षा चांगलाच मोठा. अर्धवट वाळलेल्या चिखलाच्या फोटोवरून फोन हे सांगत नाही.

तक्रार पुस्तकांबद्दलही आहे. अख्ख्या भारताचं पुस्तक घेतलं की हिमालय आणि ईशान्येचीच पानं उलटत बसायचं. बीएनएचएसनं, म्हणजे बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीनं, 1911 साली सस्तन प्राण्यांचं सर्वेक्षण हाती घेतलं तेव्हा पहिला अहवाल खानदेशाचा निघाला होता. त्या खानदेशातल्या पोराच्या दप्तरात मावेल, त्याच्या शिवारातलेच प्राणी दाखवेल असं स्वस्त मराठी पुस्तक मला हवंय. पानभर रुबाबदार वाघ नको, ठसे हवेत.

सापळा_कॅमेरा
ती पोस्ट माझीच. मी अजूनही तेच म्हणतो. छापलेली चूक पुढच्या आवृत्तीपर्यंत तशीच राहते, ऑनलाइन नोंद जाणकार त्याच दिवशी दुरुस्त करतात. शिवाय पुस्तकात "अमुक घाटात खवले मांजर" छापलं की ते पान शिकाऱ्यालाही वाचता येतं. आयनॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर संकटग्रस्त प्राण्याचं नेमकं ठिकाण आपोआप झाकलं जातं. याचं उत्तर द्या.

घाटमाथा
पुस्तकात जिल्हा आणि अधिवास द्यायचा असतो, बिळाचा पत्ता कोणी देत नाही. आणि नोंद टाकायला रेंज लागते. कोयनेच्या खोऱ्यात उतरून दाखवा.

ऊसपट्टा
दोघेही रानात हिंडणारे, म्हणून शेतातलं सांगतो. आमच्याकडे तोडणी सुरू झाली की फडात पिल्लं सापडतात. "बिबट्या! बिबट्या!" अशी ओरड होते, पोरं ती उचलून फोटो काढतात, गर्दी जमते. मागे आमच्या शेजारच्या फडात हेच झालं. पिल्लं निघाली रानमांजराची. पण हाताळाहाताळी आणि गर्दीत ती इतका वेळ अडकली की आई परत आलीच नाही. माझ्या डोळ्यांदेखत झालंय हे. रानमांजराच्या पिल्लांच्या अंगावर पट्टे-ठिपके असतात, मोठेपणी ते पुसट होतात. किती पुस्तकांत पिल्लांची चित्रं असतात? सगळी थोरांची! फोन तरी कुठे छातीठोक सांगतो? तोडणी कामगाराच्या खोपीत लावता येईल असा एक तक्ता काढा: बिबट्याचं पिल्लू, रानमांजराचं, वाघाटी या छोट्या मांजराचं. खाली मोठ्या अक्षरांत: हात लावू नका, वन विभागाला कळवा. बाकीची चर्चा मग करा.

देवगडी
सगळे ऊस आणि घाटातच! आमच्या समुद्रात डॉल्फिन आहेत, डॉल्फिनसारखेच पण छोटे पोरपॉइज किनाऱ्याला लागतात, तेही सस्तनच. आणि वटवाघळं? पुस्तकात त्यांना शेवटची दोन पानं. बेळगावच्या खानापूर तालुक्यात तळेवाडीजवळच्या बारापेडे गुहांतल्या रॉटनच्या वटवाघळाचं वर्णन 1913 साली झालं, आणि पुढे कित्येक दशकं ते जगात दुसरीकडे कुठे माहीतच नव्हतं. फळं खाणारी वटवाघळं तर 2022 च्या दुरुस्तीपर्यंत कायद्यात उंदीर-कावळ्यांबरोबर उपद्रवींच्या यादीत होती. पुस्तकं लिहिणाऱ्यांनीही त्यांना तशीच वागणूक दिली.

रात्रपाळी
मी ग्रामीण रुग्णालयात काम करते. पुस्तक काढाल तर सापांचं प्रकरण वगळा, ही कळकळीची विनंती. दंश झालेला माणूस खाटेवर आणि नातेवाईक पुस्तकातली चित्रं जुळवत बसलेत, हे मी पाहिलंय. मण्यार चावली तर अनेकदा सूज नाही, फारशा वेदनाही नाहीत. "मण्यार नाही, कवड्या आहे, बिनविषारी" म्हणत घरी थांबलेला माणूस पहाटे श्वास अडकल्यावर आणतात. आपल्याकडचं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस, फुरसं या चारही सापांवर चालतं. साप ओळखायची गरज नाही, निघायची गरज आहे.

वारूळ
ताई, तुमच्या कामाबद्दल आदर आहे, पण हे पटत नाही. सापांची पानं नसतील तर गावात प्रत्येक कवड्या, प्रत्येक धामण काठीनं मरते. कवड्याचे पट्टे मानेपासून सुरू होतात आणि शेपटीकडे विरतात. मण्यारचे डोक्यापासून थोडं अंतर सोडून सुरू होतात आणि शेपटीकडे ठळक होतात. एवढं शिकवल्यावर आमच्या वस्तीतलं मारणं कमी झालंय.

रात्रपाळी
रात्री दोन वाजता, विजेरीच्या उजेडात, घाबरलेला माणूस पट्टे कुठून सुरू होतात ते बघणार? तुमच्या वस्तीत साप वाचले, आनंद आहे. माझ्यासमोर माणसं गेलीत.

वारूळ
म्हणजे आम्हाला माणसांची पर्वा नाही? असं बोलू नका. मी स्वतः लोकांना गाडीवर घालून दवाखान्यात नेलंय. आणि चारांचं सांगताय, तर कोकणातला चापडा हा विषारी हिरवा साप त्या चारात बसत नाही. चावून गेला तो साप कोणता, हे डॉक्टरला कळलेलं बरंच की!

रात्रपाळी
डॉक्टर लक्षणं बघून उपचार करतात. साप पकडून आणायच्या नादात दुसरा दंश होतो. फोटो सहज निघाला तर आणा, त्यासाठी थांबू नका. चापड्याचं मान्य, पण त्या माणसालाही आधी दवाखान्यातच आणायचं आहे.

सापळा_कॅमेरा
धागा सापांनी गिळला. ठशांच्या पानांचं मला पटलं, कारण कॅमेरा कुठे लावायचा तेही आम्ही ठसे बघूनच ठरवतो. ऊसपट्टा म्हणतात तो तक्ताही हवा. पण जाडजूड पुस्तकाला माझा विरोध कायम.

घाटमाथा
जाडजूड मी म्हटलंच नव्हतं. सापांची पानं राहतील, पण रात्रपाळीताईंचा मजकूर प्रत्येक पानाच्या माथ्यावर, चित्राच्याही आधी. वारूळ, पट्ट्यांचा फरक तुम्ही लिहा आणि छापण्याआधी त्यांना दाखवा.

रात्रपाळी
दाखवा. "बिनविषारी" हा शब्द दंशाच्या पानावर दिसला तर मी खोडणार.

देवगडी
आणि पोरपॉइज?